वैद्यकीय महाविद्यालयाच्या वाढीव जागा आणि न्यायालय

काही काळापूर्वी पेडण्याचे एक गृहस्थ सल्ल्यासाठी आले होते. मुलीचा गोमेकॉतला नंबर थोडक्यात हुकला होता. घाटावरच्या एका कॉलेजात वाढीव जागा होत्या; आयोगाने त्या अडवल्या, पण कोर्टाचा हुकूम मिळाला आहे, असे त्यांच्या कानी आले होते. "भाऊ, कोर्टानंच हो म्हटलंय, मग भिण्यासारखं काय?" हा त्यांचा सरळ प्रश्न. उत्तर मात्र तितके सरळ नाही, म्हणून हा लेखप्रपंच.

पणजीची एस्कोला मेदिको-सिरुर्जिका 1842 सालची. मुक्तीनंतर 1963 मध्ये तिचेच गोवा वैद्यकीय महाविद्यालय झाले. डिचोली-पेडण्याच्या माणसाला म्हापशाचे आसिलो आणि तेथून बांबोळी ही वाट तोंडपाठ आहे. परंतु अशा संस्थेत जागा वाढवणे हे केवळ राज्य सरकारच्या मनावर नसते. 1956 च्या भारतीय वैद्यक परिषद कायद्यात 1993 साली कलम 10-अ घातले गेले. तेव्हापासून नवे कॉलेज काढायचे असो की आहे त्यात जागा वाढवायच्या असोत, पूर्वपरवानगी सक्तीची झाली. 25 सप्टेंबर 2020 पासून परिषदेच्या जागी राष्ट्रीय वैद्यकीय आयोग आला. तपासनीस येतात, खाटा, रोगी, अध्यापक मोजतात. नकार मिळाला तर अपील आधी आयोगाकडे, मग केंद्र सरकारकडे. त्याउपर संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालय. आपल्यापुरते ते पर्वरीचे गोवा खंडपीठ.

याच खंडपीठाने मे 2021 मध्ये गोमेकॉतील प्राणवायूच्या तुटवड्याची सुनावणी घेऊन सरकारला धारेवर धरले होते. त्यामुळे न्यायालय काहीही करवू शकते, असा आपला समज झाला तर नवल नाही. पण आयोगाच्या निर्णयाची तपासणी निराळी. न्यायाधीश खाटा मोजायला जात नाहीत. निर्णय योग्य की अयोग्य, यापेक्षा तो कसा घेतला हे ते पाहतात: अधिकार होता का, बाजू ऐकली का, कारणे दिली का, मनात आकस होता का.

सर्वोच्च न्यायालयाने 2016 साली हे अगदी स्पष्ट केले. भुवनेश्वरच्या कलिंग वैद्यकीय संस्थेला 100 च्या 150 जागा हव्या होत्या. तपासणीत उणिवा निघाल्या आणि परवानगी नाकारली गेली. ओडिशाच्या उच्च न्यायालयाने हंगामी हुकूम दिला, त्यावर मुलांना प्रवेश मिळाले. पुढे सर्वोच्च न्यायालयाने हा हुकूम चुकीचा ठरवला. तज्ज्ञांनी सोयी अपुऱ्या म्हटल्यावर, तपासनिसांचा आकस किंवा उघड विपर्यास यांसारखे सबळ कारण नसेल तर न्यायालयाने वेगळे मत देऊ नये, असा त्याचा मथितार्थ. संस्थेला 5 कोटी रुपयांचा भुर्दंड बसला. मुलांना मात्र शिकू दिले, कारण चूक त्यांची नव्हती. पण निकाल लागेपर्यंत त्या पन्नास घरांत झोप कशी लागली असेल, हे ज्याचे त्याने ठरवावे. शिवाय दर वेळी अशी दया होईलच याची हमी कोणी द्यावी?

आपल्या शेजारच्या महाराष्ट्रात, धुळ्याच्या एका कॉलेजाच्या 100 वरून 150 जागांचे प्रकरण 2022 च्या एप्रिलात सर्वोच्च न्यायालयात गेले. जानेवारीतल्या अचानक तपासणीत बालरोग कक्षातली मुले ठणठणीत होती, असा आयोगाचा आक्षेप. कॉलेजतर्फे सांगितले गेले की, तो दिवस संक्रांतीचा होता. त्यावर आजार काही संक्रांतीला थांबत नाहीत, असे न्यायमूर्तींनी सुनावले. तिळगूळ घेऊन ताप उतरला असता तर आपल्या आसिलोपुढची रांग केव्हाच संपली असती!

तथापि आयोगाला किंवा सरकारला मोकळे रान आहे असेही नव्हे. 2017 साली ग्लोकल मेडिकल कॉलेजाच्या प्रकरणात केंद्राचा नकार कारणांविना होता. तेव्हा पुन्हा विचार करून सकारण निर्णय द्या, असे न्यायालयाने फर्मावले. ध्यानात घ्या, न्यायालयाने स्वतः परवानगी दिली नाही. फाइल परत पाठवली.

आणखी एक गोष्ट गोमंतकाला लागू पडणारी. ऑगस्ट 2023 मध्ये आयोगाने दर दहा लाख लोकसंख्येमागे 100 जागा असे प्रमाण ठरवले. 2011 च्या शिरगणतीत गोव्याची लोकसंख्या 14 लाख 58 हजार. म्हणजे हिशेबाने 146 जागा. गोमेकॉच्या जागा 2019 सालीच 180 झालेल्या! दक्षिणेकडील राज्यांनीही विरोध केला आणि नोव्हेंबरात आयोगानेच हा नियम 2025-26 पर्यंत पुढे ढकलला. असले प्रमाण हा धोरणाचा भाग, आणि धोरणात न्यायालये सहसा हात घालत नाहीत. तुयेंचे नवे इस्पितळ गोमेकॉशी जोडा, या पेडणेकरांच्या मागणीचा विचार करतानाही ही गोष्ट विसरून चालणार नाही.

त्या गृहस्थांना मी दोन कागद आणायला सांगितले: त्या वर्षीच्या मंजूर जागांचे पत्र, आणि कोर्टाच्या हुकुमाची प्रत. पत्र मिळाले नाही. प्रत मिळाली, तीत प्रवेश "अंतिम निकालाच्या अधीन राहून" असे शब्द होते. मुलगी पुढच्या वर्षी पुन्हा नीट परीक्षेला बसली.