रिकामे सिंहासन

गेल्या दिवाळीत आमच्या नातवाने किल्ला केला, पण त्यावर महाराज बसवलेच नाहीत. मुलीचे बिऱ्हाड मुळशी तालुक्यात, पौडला. घरापुढे ऐसपैस अंगण, आणि त्या अंगणातली तांबडी माती किल्ल्यासाठीच जन्माला आलेली. बुरूज झाले, माची झाली, अळीव पेरून झाले, दारूगोळ्याचे कोठारही झाले. मधोमध मातीचे सिंहासन घडवले होते, ते मात्र मोकळे! शेजारपाजारची मंडळी येत, कौतुक करीत आणि हटकून विचारीत, "अरे, महाराज कुठं आहेत?"

"राजाला हद्दपार केलंय," चिरंजीव गंभीरपणे सांगत. "तो परत येणार आहे."

हे खूळ कुठून आले याचा तपास केला, तेव्हा उशाखाली एक जाडजूड इंग्रजी कादंबरी सापडली. दुपारच्या वेळी मी ती चाळली. कुठल्याशा अद्भुत राज्याचा राजपुत्र धनगराच्या घरी वाढतो. त्याच्या खांद्यावर जन्मखूण असते. तो हातात घेतो तेव्हाच एक तलवार उजळते, आणि मग सारे दरबारी गुडघे टेकतात. वाचायला मौज वाटली, खोटे कशाला बोलू? पण रात्री फराळाच्या वेळी नातवाने विचारले, "आजोबा, आपल्याकडं असं कधी झालंच नाही का?" तेव्हा चकलीचा तुकडा माझ्या हातातच राहिला.

तीस वर्षे मी शाळेत इतिहास शिकवला. औरंगजेबाच्या मृत्यूनंतर शाहूची सुटका झाली व तो छत्रपती झाला, हे एक वाक्य मी किती वर्गांना उतरवून दिले असेल याची गणती नाही. त्या वाक्यातल्या दोन क्रियापदांच्या मध्ये किती माणसे चिरडली गेली, हे मात्र मी एकाही वर्गाला सांगितले नाही. परीक्षेत ते येत नसे, एवढेच त्याचे कारण.

भाऊबीज झाली आणि दुसऱ्या दिवशी जावयांनी गाडी काढली. म्हणाले, "घनगडला जाऊ. दादा, तुम्हाला जमेल तेवढं चढा." मुळशीच्या धरणाच्या कडेने, निवे, भांबुर्डे करीत आम्ही एकोले गावी पोहोचलो. घनगड तसा आटोपशीर किल्ला. वाटेत गारजाई देवीचे देऊळ लागते, आणि पुढे कड्याला लोखंडी शिडी लावली आहे. जावयांचा हात आणि नातवाची टिंगल या दोन आधारांवर मी ती शिडी चढलो.

वर मात्र श्रमाचे चीज झाले. समोर तैलबैलाच्या दोन भिंती उभ्या, त्यांच्या पलीकडे सुधागडाचा लांबरुंद माथा, आणि खाली सगळे कोकण उन्हात पसरलेले.

"तुझी गोष्ट इथूनच सुरू होते," मी म्हणालो.

दक्षिणेकडे बोट केले. मुळशीचा रस्ता ताम्हिणीचा घाट उतरून माणगावला जातो. त्या माणगावाजवळ गांगवली म्हणून गाव आहे. तिथे १८ मे १६८२ रोजी संभाजीमहाराज आणि येसूबाई यांना मुलगा झाला. आजोबांचेच नाव ठेवले, शिवाजी. पुढे बादशाही छावणीत तो 'शाहू' झाला आणि इतिहासातही शाहूच राहिला.

"आणि समोरचा तो सुधागड. त्याच्या पायथ्याशी एक दुसराच हद्दपार राजपुत्र येऊन राहिला होता."

नातवाचे डोळे चमकले. हा राजपुत्र खुद्द औरंगजेबाचा मुलगा अकबर. १६८१ साली राजस्थानात त्याने बापाविरुद्ध बंड केले, ते फसले, आणि दुर्गादास राठोडाच्या सोबतीने तो पळत पळत थेट संभाजीमहाराजांच्या आश्रयाला आला. त्या वर्षाच्या नोव्हेंबरात सुधागडाखाली पाच्छापूरला दोघांची भेट झाली. दिल्लीचे तख्त मिळवण्याची स्वप्ने हा गृहस्थ आपल्या पाली-सुधागडाच्या रानात पाहत होता! तख्त काही मिळाले नाही. १६८७ मध्ये तो जहाजाने इराणला गेला आणि बापाच्या आधीच तिकडे वारला.

पण जाण्यापूर्वी त्याच्या हातून एक मोठी उलथापालथ झाली. संभाजीमहाराजांवर रुष्ट असलेल्या काही कारभाऱ्यांनी त्यालाच हाताशी धरून महाराजांना दूर करण्याचा घाट घातला होता. अकबराने ती गोष्ट महाराजांच्या कानी घातली. महाराजांनी कटवाल्यांना मृत्युदंड दिला. त्यांत अण्णाजी दत्तो होते, आणि शिवरायांची पत्रे ज्यांनी लिहिली ते बाळाजी आवजी चिटणीसही होते. हे सगळे त्या समोरच्या सुधागडाच्या परिसरातच घडले. बाळाजी निर्दोष होते, आणि येसूबाईंनी त्याबद्दल महाराजांना खडसावले, असे बखर सांगते. महाराजांना पश्चात्ताप झाला आणि बाळाजींचा मुलगा खंडो बल्लाळ याला त्यांनी पदरी ठेवले.

"हे नाव लक्षात ठेव," मी नातवाला म्हणालो. "तुझ्या पुस्तकातली ती उजळणारी तलवार आहे ना, ती म्हणजे हा माणूस."

पुढचे आपणा सर्वांना ठाऊक आहे. मार्च १६८९ मध्ये संभाजीमहाराजांची हत्या झाली. रायगडाला वेढा पडला. तेव्हा येसूबाईंनी जो निर्णय घेतला, त्याला माझ्या मते मराठ्यांच्या इतिहासात जोड नाही. स्वतःचा मुलगा सात वर्षांचा, गादीचा वारस. तरी त्यांनी दीर राजाराम यांना पुढे केले, राज्य त्यांच्या नावे चालवायला सांगून गडाबाहेर काढले, आणि स्वतः मुलाला घेऊन मागे राहिल्या. नोव्हेंबरात रायगड पडला आणि मायलेक कैद झाले.

औरंगजेबाची छावणी जिथे जाई तिथे हा मुलगा जाई. बादशहाची मुलगी झीनतउन्निसा हिने त्याच्यावर माया केली, हे सांगितलेच पाहिजे. साडेसतरा वर्षे अशी गेली. ३ मार्च १७०७ रोजी अहमदनगरजवळ औरंगजेब वारला. त्याचा मुलगा आझमशहा तख्तासाठी उत्तरेकडे धावला, आणि मे महिन्यात भोपाळच्या बाजूला दोराहे येथे त्याने शाहूंना जाऊ दिले. मराठ्यांत आपसात जुंपली तर बरेच, हा त्यातला हिशोब. येसूबाईंना मात्र ओलीस म्हणून ठेवून घेतले.

"मग सगळ्यांनी त्याला मुजरा केला?" नातवाने विचारले.

इथे कादंबरी आणि इतिहास यांच्या वाटा फुटतात. इंग्लंडचा दुसरा चार्ल्स परदेशात दिवस काढून १६६० साली परतला, तेव्हा पार्लमेंटनेच त्याला बोलावणे धाडले होते. आमच्या शाहूराजांना कोण बोलावणार? जरा विचार करा. सात वर्षांचा असताना गेलेला मुलगा पंचविशीचा होऊन आला. फोटो नाही, दाखला नाही. हाच तो, असे छातीवर हात ठेवून सांगू शकेल अशी एकच व्यक्ती, त्याची आई, आणि ती शत्रूच्या ताब्यात. खांद्यावर जन्मखूण असती तरी ती ओळखणार कोण? तोतयाची भीती काही पोकळ नसते. पुढे पानिपतानंतर सदाशिवरावभाऊंचा तोतया उभा राहिला, तेव्हा भलेभले फसले.

साताऱ्याला ताराबाई होत्या. त्यांना खलनायिका ठरवणे सोपे आहे, आणि मीही वर्गात ते केले आहे. आता तसे वाटत नाही. १७०० साली राजाराममहाराज वारले. त्यानंतर सात वर्षे ही विधवा बाई औरंगजेबाशी झुंजली आणि तिने राज्य टिकवले. संभाजीमहाराजांचे राज्य बुडाले, हे माझ्या पतीने नव्याने उभे केले, तेव्हा ते माझ्या मुलाचे, असे तिचे म्हणणे. आपल्या घरांतूनही असे वाद होतात. थोरल्याचा हक्क खरा, पण पडके घर धाकट्याने बांधलेले! ताराबाईंनी सरदारांना दूधभातावर हात ठेवून शपथ घ्यायला लावली, आणि हा आलेला माणूस तोतया आहे असे जाहीर केले.

शाहूराजे खानदेशातून खाली उतरले. परसोजी भोसले येऊन मिळाले. लोकांची शंका फिटावी म्हणून ते राजांबरोबर एका ताटात जेवले असे सांगतात. पण वाटेत पारद गावच्या लोखंडे पाटलाने अडवले आणि लढाईत तो पडला. आपलेच राज्य मागायला आलेल्या राजाची पहिली लढाई आपल्याच पाटलाशी! पाटलाच्या विधवेने लहानगा मुलगा राजांच्या पायांवर घातला. त्यांनी त्याचे नाव फत्तेसिंह ठेवले आणि पोटच्या मुलासारखा वाढवला. अक्कलकोटचे घराणे ते हे.

ऑक्टोबरात दोन्ही फौजा खेडला, म्हणजे आजच्या राजगुरुनगराजवळ, भीमेच्या काठी समोरासमोर आल्या. ताराबाईंकडून सेनापती धनाजी जाधव आणि परशुरामपंत प्रतिनिधी. धनाजींच्या मनात चलबिचल होती. आधी खात्री करावी म्हणून त्यांनी शाहूंकडे माणूस पाठवला. कोणाला?

"खंडो बल्लाळ!" नातू ओरडला.

होय, खंडो बल्लाळ. ज्याच्या बापाला या राजपुत्राच्या बापाने त्या समोरच्या डोंगरात मारले, तो. एक नकार पुरेसा होता. हा शाहू नव्हे, एवढे म्हणाला असता तर बापाचा सूड आपोआप उगवला असता आणि कोणी त्याला बोल लावला नसता. खंडो बल्लाळ भेटून आला, आणि हाच खरा शाहू, असे त्याने सांगितले. येसूबाईंनी एकदा त्याच्या बापाची बाजू घेतली होती, हे त्या क्षणी त्याच्या मनात आले असेल का? कागद ते सांगत नाहीत. मला आपले वाटते, आले असेल. १२ ऑक्टोबरला लढाईला तोंड लागले आणि धनाजी शाहूंना मिळाले. प्रतिनिधी साताऱ्याकडे परतले.

नातू टाळ्या पिटू लागला. मी म्हणालो, "थांब. तो सुधागड पुन्हा बघ. त्याच्यावर पंतसचिवांचा वाडा आहे."

सचिव म्हणजे शंकराजी नारायण. औरंगजेबाच्या धामधुमीत मावळातले किल्ले ज्यांनी परत जिंकले, ते. त्यांनीही ताराबाईंपाशी शपथ घेतलेली. आता शाहूराजे भोरच्या बाजूला आले आणि त्यांनी सचिवांना बोलावले. जावे तर शपथ मोडते. न जावे तर खऱ्या धन्यावर शस्त्र धरावे लागते. शंकराजींनी भोरजवळ आंबवडे गावी स्वतःच आपले जीवन संपवले. तिथे त्यांची समाधी आहे. शाहूराजांनी त्यांच्या तान्ह्या मुलाला, नारो शंकरला, सचिवपद दिले. तेच घराणे भोरला १९४८ पर्यंत राज्य करीत होते.

नातू बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "पण त्यांची काय चूक होती?"

उत्तर माझ्यापाशी नव्हते. जावयांनी पाण्याची बाटली पुढे केली.

उरलेली गोष्ट गड उतरता उतरता सांगितली. साताऱ्याच्या किल्ल्यावर शेख मीरा हवालदार होता. त्याचे कुटुंब वाईहून धरून आणले आणि तोफेच्या तोंडी देण्याचा धाक घातला, तेव्हा दरवाजा उघडला, असे ग्रँट डफने लिहून ठेवले आहे. एवढे मवाळ म्हणून ख्यात असलेले शाहूराजे, पण सिंहासनाच्या शेवटच्या पायरीवर त्यांनीही हे केले. १२ जानेवारी १७०८ रोजी साताऱ्याला राज्याभिषेक झाला. ताराबाई हटल्या नाहीत. सातारा आणि कोल्हापूर ही दोन राज्ये झालीच, आणि १७३१ मध्ये वारणेच्या तहाने सीमा ठरल्या. शाहूमहाराजांनी पुढे १७४९ पर्यंत राज्य केले.

"आणि त्याची आई?"

येसूबाई दिल्लीलाच राहिल्या. मुलगा सिंहासनावर आणि आई कैदेत, अशी बारा वर्षे गेली. १७१९ च्या जुलैत बाळाजी विश्वनाथ पेशवे त्यांना सोडवून साताऱ्याला घेऊन आले.

पौडला पोहोचेतो दिवेलागण झाली होती. कंदील लावून होतात न होतात तोच नातू अंगणात गेला आणि डब्यातून मातीची चित्रे काढू लागला. एक राजा त्याने सिंहासनावर ठेवला. शेजारी पागोटेवाला कारकून ठेवला. तो खंडो बल्लाळ असावा. मग गौळणींतली एक बाहुली उचलली, अंगण ओलांडून पार फाटकापाशी गेला आणि तिला तुळशीच्या कुंडीआड उभी केली.

"ही येसूबाई," तो म्हणाला. "ही अजून दिल्लीला आहे."

मुलगी म्हणाली, "अरे, तिथं कुणाचा तरी पाय लागेल. किल्ल्याजवळ आण."

"बारा दिवाळ्या झाल्याशिवाय नाही आणता येत," तो म्हणाला. "दर वर्षी थोडी थोडी जवळ आणीन."