इंजिन वॉरंटीत असतं, पावसाचं पाणी नसतं

पावसाचा पहिला मोठा तडाखा बसला की मुंबई, ठाणे, पुण्यातल्या सर्व्हिस सेंटरच्या काउंटरवर एकच प्रश्न पुन्हापुन्हा ऐकू येतो : "गाडी वॉरंटीत आहे, मग इंजिनाचे पैसे कसले मागता?" विचारणारा खोटं बोलत नसतो. गाडी वर्ष-दीड वर्षाची असते, वॉरंटी तीन वर्षांची असते आणि पुस्तिकेत इंजिनाचा उल्लेखही ठळक असतो. तरी पाणी शिरून बंद पडलेल्या इंजिनाचं बिल मालकाच्याच हाती येतं. मग ‘कंपनीने फसवलं’ अशी पोस्ट सोसायटीच्या ग्रुपवर पडते, तिच्याखाली दहाजण आपापली कहाणी लिहितात आणि मूळ गैरसमज आणखी दहा घरांत पोचतो.

तो गैरसमज असा : इंजिन आणि गिअरबॉक्स वॉरंटीत आहेत, म्हणजे त्यांना काहीही झालं तरी दुरुस्ती फुकट.

वस्तुस्थिती वेगळी आहे आणि ती प्रत्येक वॉरंटी पुस्तिकेच्या सुरुवातीच्या परिच्छेदातच लिहिलेली असते. कंपनी हमी देते ती साहित्यातल्या किंवा बनावटीतल्या दोषाची, तीही गाडी नेहमीच्या पद्धतीने वापरली आणि सांभाळली असेल तर. बिघडलेला भाग कोणता, हा पहिला प्रश्न झाला. तो का बिघडला, हा दुसरा. आणि निकाल या दुसऱ्या प्रश्नावर लागतो. भागांची यादी पाठ करून काउंटरवर भांडणारा माणूस पहिल्याच प्रश्नापाशी थांबलेला असतो.

यादी समजून घेणं तरीही गरजेचं आहे. इंजिनात तयार झालेली ताकद चाकांपर्यंत नेणारी सगळी यंत्रणा म्हणजे पॉवरट्रेन. तिच्यात सिलिंडर ब्लॉक, हेड, पिस्टन, क्रँकशाफ्ट, कॅमशाफ्ट, टायमिंग चेन, ऑइल पंप येतात; पुढे गिअरबॉक्स, ऑटोमॅटिक असेल तर टॉर्क कन्व्हर्टर, डिफरन्शियल आणि चाकांकडे जाणारे ड्राइव्ह शाफ्ट येतात. एसीचा कॉम्प्रेसर, अल्टरनेटर, स्टार्टर हे बॉनेटखालीच बसतात. पण ते पॉवरट्रेनचे भाग धरले जात नाहीत. गाडीची सर्वसाधारण वॉरंटी चालू असेपर्यंत या फरकाने काही बिघडत नाही, कारण तिच्यात हे भागही येतात. ती संपून केवळ पॉवरट्रेनची वॉरंटी उरते, तेव्हा हाच फरक खिशाला लागतो.

आता पाण्याचं बघू. इंजिन हवा ओढून घेतं. साचलेल्या पाण्यातून गाडी नेताना हवेच्या वाटेने पाणी आत गेलं, तर ते सिलिंडरमध्ये पोचतं. हवा दाबली जाते, पाणी दाबलं जात नाही. वर येणारा पिस्टन त्या पाण्यावर आदळतो आणि कनेक्टिंग रॉड वाकतो, कधी तुटून ब्लॉक फोडतो. यालाच वर्कशॉपमध्ये ‘हायड्रोस्टॅटिक लॉक’ म्हणतात. गाडी पाण्यात बंद पडल्यावर पुन्हापुन्हा सेल्फ मारला, तर हे नुकसान हमखास वाढतं. यात कारखान्याची चूक कुठे आहे? रॉड उत्तम पोलादाचा होता, पिस्टन मापात होता. त्यांच्यावर जे ओढवलं, त्यासाठी ते बनवलेलेच नव्हते.

हे नुकसान विम्याच्या खात्यात जातं, आणि तिथेही अर्धवट माहिती घात करते. सर्वसमावेशक मोटार विमा पुरामुळे झालेलं नुकसान भरून देतो. मात्र पाण्यातली गाडी सुरू करायचा प्रयत्न केल्याने इंजिनाचं जे पुढचं नुकसान होतं, ते ‘परिणामी नुकसान’ ठरवून विमा कंपनी सहसा नाकारते. त्यासाठी ‘इंजिन प्रोटेक्शन’ हे वेगळं कवच घ्यावं लागतं. कोकणात, मुंबईच्या सखल भागांत किंवा सांगली-कोल्हापूरच्या पूरपट्ट्यात राहणाऱ्याने नवी गाडी घेताना सीट कव्हरआधी या कवचाची चौकशी करावी. आणि गाडी पाण्यात बंद पडलीच, तर चावीला हात लावू नये. ढकलून बाहेर काढावी आणि टो करून न्यावी.

पाण्याला लागू असलेलं तत्त्व बाकी कारणांनाही लागू आहे. पंपावर चुकून डिझेल गाडीत पेट्रोल भरलं गेलं, तर उच्च दाबाचा पंप झिजतो, कारण त्या पंपाला वंगण मिळतं ते डिझेलमधूनच. झिजलेल्या पंपातला धातूचा चुरा इंजेक्टरपर्यंत जातो. पंप पॉवरट्रेनचा असला तरी कारण इंधनाचं आहे, त्यामुळे दावा नाकारला जातो. ऑइल बदलायच्या सर्व्हिस चुकवल्या, ऑइल चिकट होऊन टर्बोला पोचेना आणि टर्बो गेला, तर तिथेही तेच. एप्रिल २०२० पासूनच्या बीएस-६ डिझेल गाड्यांमध्ये काजळी अडवणारा डीपीएफ फिल्टर असतो. रोज दोन-तीन किलोमीटरच गाडी चालवली तर तो पुरेसा तापत नाही आणि साचलेली काजळी जळत नाही. डॅशबोर्डवर त्याचा दिवा लागतो. तो महिनाभर पाहूनही दुर्लक्ष करणाऱ्याला वॉरंटी वाचवू शकत नाही.

सर्वांत बोलकं उदाहरण गरम झालेल्या इंजिनाचं. समजा, वॉटर पंपाचं सील मुळातच सदोष होतं आणि कूलंट गळून गेलं. हा स्पष्ट उत्पादन-दोष; पंप वॉरंटीत बदलून मिळायलाच हवा. पण तापमानाचा लाल दिवा लागल्यावरही मालकाने गाडी तशीच वीस किलोमीटर घरापर्यंत आणली, हेड वाकडं झालं, गॅस्केट जळालं. हे नुकसान दोषामुळे झालं की दिवा पाहूनही गाडी रेटल्यामुळे? कंपनी दुसरं कारण पुढे करते, आणि आजच्या गाड्यांचा कंट्रोल युनिट बिघाडाची नोंद ठेवत असल्याने तिच्याकडे पुरावाही असू शकतो. एकाच गाडीत, एकाच दिवशी, एक भाग फुकट आणि शेजारचा विकत, असं घडतं ते यामुळे.

क्लच प्लेटवरून होणारे वाद याच जातीचे. क्लच इंजिन आणि गिअरबॉक्सच्या मध्ये बसतो, मग तो वॉरंटीत का नाही? कारण तो झिजण्यासाठीच बनवलेला आहे. घाटात किंवा सिग्नलवर अर्धा क्लच दाबून गाडी धरणाऱ्याची प्लेट लवकर संपते, जपून चालवणाऱ्याची कितीतरी जास्त टिकते. ब्रेक पॅड, स्पार्क प्लग, फिल्टर, वायपरची रबरं यांचंही तसंच. मात्र ‘क्लच कधीच वॉरंटीत येत नाही’ हे सर्व्हिस ॲडव्हायझरचं ठरलेलं उत्तरही अर्धसत्य आहे. प्रेशर प्लेटची स्प्रिंग तुटली किंवा रिलीज बेअरिंग काही हजार किलोमीटरमध्येच आवाज करू लागलं, तर ती झीज नाही, तो दोष आहे. पुस्तिकेत अशा भागांसाठी वेगळी मुदत दिली आहे का, ते तपासून तसा दावा करावा.

या गैरसमजाला दुरून आलेल्या आकड्यांनीही खतपाणी घातलं आहे. अमेरिकेत राहणारी मुलं किंवा भाचे ‘आमच्या गाडीला दहा वर्षांची वॉरंटी’ असं सांगतात, आणि इथल्या तीन वर्षांशी तुलना सुरू होते. ह्युंदाईने अमेरिकेत १९९८ साली जाहीर केलेली दहा वर्षं किंवा एक लाख मैलांची ती हमी पॉवरट्रेनपुरती आहे. उरलेल्या गाडीसाठी तिथे पाच वर्षं किंवा ६०,००० मैल. शिवाय दहा वर्षांचा पूर्ण लाभ पहिल्या मालकालाच. गाडी विकली की नव्या मालकासाठी पॉवरट्रेनची मुदतही पाच वर्षं आणि ६०,००० मैलांवर येते. भारतात वेगळीच रचना रूढ आहे. मारुती सुझुकीने जुलै २०२४ मध्ये दोन वर्षं किंवा ४०,००० किलोमीटरची मूळ वॉरंटी वाढवून तीन वर्षं किंवा एक लाख किलोमीटर केली. तिच्यात इंजिन-गिअरबॉक्सबरोबर विद्युत यंत्रणा आणि एसीही येतात. पुढे पैसे भरून ती सहा वर्षं किंवा १,६०,००० किलोमीटरपर्यंत वाढवता येते. विकत घेतलेल्या वाढीव वर्षांत नेमकं काय येतं, हे मात्र प्रत्येक कंपनीच्या प्रत्येक योजनेत वेगळं असतं. डीलर आधी किंमत सांगतो. ग्राहकाने आधी वगळलेल्या भागांचं पान मागावं.

गैरसमज फक्त ग्राहकांकडून पसरतात असं नाही. एक तर थेट काउंटरच्या पलीकडूनच येतो : "बाहेर कुठे हात लावलात तर वॉरंटी गेली." धमकीसारखं वापरलं जाणारं हे वाक्य जसंच्या तसं खरं मानू नये. भारतीय स्पर्धा आयोगाने २५ ऑगस्ट २०१४ रोजी १४ मोटार कंपन्यांना मिळून अडीच हजार कोटी रुपयांहून जास्त दंड ठोठावला, तो सुटे भाग आणि दुरुस्तीची बाजारपेठ आपल्याच हातात ठेवल्याबद्दल. ग्राहकाने स्वतंत्र गॅरेजमध्ये काम करून घेतलं एवढ्यावरून सरसकट वॉरंटी रद्द होईल, अशी अट घालू नये. बाहेरच्या सदोष कामामुळे जे नुकसान झालं असेल, तेवढ्यापुरतीच ती नाकारता येईल, असं त्या आदेशात स्पष्ट म्हटलं आहे. कंपन्या अपिलात गेल्या. टोयोटा, फोर्ड आणि निसानच्या अपिलांवर स्पर्धा अपिलीय न्यायाधिकरणाने डिसेंबर २०१६ मध्ये दंड बराच घटवला, पण कायद्याचा भंग झाल्याचा निष्कर्ष कायम ठेवला. अमेरिकेत मॅग्नसन-मॉस हा १९७५ सालचा कायदा हेच तत्त्व सांगतो : भाग किंवा सेवा फुकट देत नसाल, तर ती आपल्याकडूनच घेण्याची सक्ती वॉरंटीच्या नावाखाली करता येत नाही.

म्हणजे नाक्यावरच्या गॅरेजमध्ये पंक्चर काढलं, बंपर रंगवला किंवा बॅटरी बदलली म्हणून गिअरबॉक्सची वॉरंटी जात नाही. पण बाहेर चुकीच्या ग्रेडचं ऑइल भरलं आणि इंजिन सीझ झालं, तर कंपनीचा नकार योग्य ठरतो. इथेही कारणच निर्णायक. ठरलेल्या वेळच्या सर्व्हिस अधिकृत केंद्रातच करण्याची अट अनेक पुस्तिकांत आजही असते. वॉरंटीच्या काळात ती पाळणं व्यवहाराचं आहे, कारण तिथली नोंद दाव्याच्या वेळी वादातीत ठरते. बाहेर काम केलंच, तर ऑइलचा ग्रेड आणि फिल्टरचा पार्ट नंबर लिहिलेलं पक्कं बिल जपून ठेवावं.

उरलेले गैरसमज थोडक्यात.

‘तीन वर्षं म्हणजे तीन वर्षं.’ किलोमीटरची मर्यादा असेल, तर जे आधी संपेल ते खरं. वर्षाला ५०,००० किलोमीटर धावणाऱ्या गाडीची एक लाखाची हद्द दोन वर्षांतच संपते.

‘वॉरंटीत बदललेल्या भागाची वॉरंटी नव्याने सुरू होते.’ सहसा नाही. मूळ मुदतीत जेवढे दिवस उरले असतील, तेवढेच मिळतात.

‘बाहेरून सीएनजी किट बसवलं तरी चालतं.’ कंपनीने बसवलेलं किट वॉरंटीत येतं. बाहेरून बसवलेल्या किटनंतर इंजिनाच्या दाव्याला नकार मिळण्याची दाट शक्यता असते.

‘पंपावरचं ई-२० पेट्रोल भरलं की वॉरंटी जाते.’ एप्रिल २०२३ पासूनच्या नव्या गाड्या या इंधनाला धरूनच बनतात. त्याआधीची गाडी असेल तर मालक-पुस्तिकेतलं इंधनाचं पान पाहावं.

‘इलेक्ट्रिक गाडीच्या बॅटरीची आजीवन हमी गाडीबरोबर जाते.’ महिंद्राच्या बीई ६ आणि एक्सईव्ही ९ई या गाड्यांची ती हमी पहिल्या नोंदणीकृत मालकासाठी आहे. गाडी विकल्यावर ती दहा वर्षं किंवा दोन लाख किलोमीटर होते.

‘वॉरंटी संपली, आता रिकॉलचाही उपयोग नाही.’ रिकॉल वेगळा. मारुतीने जुलै २०२० मध्ये इंधन पंपाच्या संभाव्य दोषासाठी १,३४,८८५ वॅगन आर आणि बलेनो परत बोलावल्या होत्या. सदोष पंप बदलून देण्याचा खर्च कंपनीचा होता.

‘डीलर बोलला म्हणजे कंपनी बोलली.’ गोव्यातल्या एका ग्राहकाला २०११ चं मॉडेल म्हणून २००९ ची गाडी देण्यात आली होती. फेब्रुवारी २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या प्रकरणात डीलरच्या कृत्यासाठी टाटा मोटर्सला जबाबदार धरायला नकार दिला. तोंडी आश्वासन कागदावर घेण्याचं याहून ठोस कारण नाही.

‘इंजिनात दोष निघाला की नवी गाडी मिळते.’ मारुती उद्योगच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये सांगितलं, की वॉरंटीची अट सदोष भाग बदलून देण्याची आहे, गाडी बदलून देण्याची नाही. त्या गाडीची तक्रारही क्लचचीच होती.

दावा खरा असूनही नाकारला गेला, तर आवाज चढवण्यापेक्षा कागद कामाला येतो. जॉबकार्डवर तक्रार आपल्या शब्दांत लिहून घ्यावी : आवाज कधी येतो, कोणत्या गिअरला, कोणता दिवा लागला, किती किलोमीटरवर. ‘जनरल चेकअप’ एवढंच लिहिलेल्या जॉबकार्डवर सही करू नये, कारण वॉरंटीच्या मुदतीत पहिल्यांदा तक्रार केल्याचा तोच पुरावा असतो. नकार मिळाला तर तो कारणासह लेखी मागावा आणि काढलेला भाग टाकून देऊ देऊ नये. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. तिथे प्रश्न सुटला नाही तर जिल्हा ग्राहक आयोग आहे. मोजलेली किंमत ५० लाखांपर्यंत असलेल्या गाडीची तक्रार तिथे चालते आणि दोष तपासणीशिवाय ठरत नसेल, तर आयोग वस्तू प्रयोगशाळेकडे पाठवू शकतो. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यामुळे ग्राहक जिथे राहतो त्या जिल्ह्यातच तक्रार करता येते. पाच ते दहा लाखांच्या गाडीसाठी शुल्क २०० रुपये, दहा ते वीस लाखांच्या गाडीसाठी ४०० रुपये आहे आणि तक्रारीचं कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत ती दाखल करावी लागते.