हुकमाचे पाय

हर्णेच्या बंदरावर संध्याकाळी लिलाव चालतो. होड्यांतून उतरलेली मासळी ओल्या वाळूवर मांडलेली, भोवती माणसांचं कोंडाळं, आणि बोली चढत जाते. शेवटचा आकडा पडला की सौदा झाला. सही नाही, शिक्का नाही. तरी शब्द पाळला जातो, कारण उद्या याच वाळूवर, याच माणसांसमोर उभं राहायचं असतं.

न्यायालयाच्या हुकमाला सहीही असते आणि शिक्काही. तरी तो पाळला जाईलच असं नाही. हुकूम देणाऱ्या न्यायाधीशाच्या हाताखाली फौज नसते. असतात कारकून, शिरस्तेदार, बेलिफ. एवढ्या बळावर माणसाची जमीन, सुटका, कधी जीवही ठरतो, याचं मला आजही नवल वाटतं.

समजा, हर्णेतल्या एखाद्या घरजागेचा दावा कुणी दापोलीच्या दिवाणी न्यायालयात जिंकला. हुकूमनामा हाती आला, म्हणून जागा हाती आली असं होत नाही. मग दरखास्त दाखल करायची, ताबा वॉरंट काढायचं. बेलिफ येतो, समोरचा दार अडवून उभा राहतो, बेलिफ ‘अडथळा झाला’ असा अहवाल लिहून परत जातो. मग पोलीस बंदोबस्तासाठी अर्ज. न्यायालय पोलिसांना मदत करायला सांगतं, आणि उत्तर येतं की गणेशोत्सवाचा बंदोबस्त आहे, मनुष्यबळ उपलब्ध नाही. पुढच्या तारखेला निवडणूक असते, त्याच्या पुढच्या तारखेला कुणाचा तरी दौरा. यातलं प्रत्येक कारण खरं असू शकतं, आणि अडचण नेमकी तिथेच आहे.

न्यायालय अवमान कायदा 1971 सालचा. न्यायालयाचा आदेश हेतुपुरस्सर न पाळणं म्हणजे दिवाणी अवमान, असं तो सांगतो. सगळा भार त्या ‘हेतुपुरस्सर’वर. पोलीस ठाणं कधी ‘आदेश पाळणार नाही’ असं लिहून देत नाही. ते लिहितं, ‘अद्याप कार्यवाही प्रलंबित’. नकार शब्दात येत नाही, तारखांत विरघळून जातो. म्हणून मला उघड अवज्ञेपेक्षा दिरंगाई जास्त भयंकर वाटते. ती पकडायला हेतू शोधावा लागतो, आणि हेतूवर शिक्का मारलेला नसतो.

पकडलाच, तर शिक्षा किती? जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा 2000 रुपये दंड, किंवा दोन्ही. दंडाचा आकडा 1971 पासून तोच आहे. हर्णेच्या वाळूवर आज तेवढ्यात मोठ्या पापलेटची टोपलीसुद्धा उचलता येणार नाही.

हे सगळं आपल्याकडे इंग्रजांबरोबर आलं, असं मीही मानत होतो. मग नारदस्मृतीतला ‘आसेध’ भेटला. प्रतिवादी उत्तर न देता टाळाटाळ करू लागला, तर त्याला बोलावणं येईपर्यंत रोखून धरायचं, तो आसेध. चार प्रकारचा: जागा सोडू नये, ठरावीक वेळ मोडू नये, प्रवासाला जाऊ नये, अमुक काम करू नये. आजच्या मनाई हुकमाचा पूर्वजच म्हणा. तो मोडणाऱ्याला दंड. पण नदी ओलांडताना, रानात किंवा संकटात सापडलेल्याने मोडला, तर दोष नाही. पेरणीतल्या शेतकऱ्याला, गुरं चारणाऱ्या गुराख्याला, हातात काम असलेल्या कारागिराला रोखू नये. आणि ज्याने चुकीच्या रीतीने रोखलं, तोही दंडाला पात्र! म्हणजे हुकूम मोडणारा आणि हुकूम वापरणारा, दोघांनाही नियम. धर्मशास्त्रातल्या अशा न्यायव्यवहाराचा प्रचंड पसारा ज्यांनी जगापुढे मांडला, ते महामहोपाध्याय पां. वा. काणे शाळा शिकले ते दापोलीत, हर्णेपासून पंधरा-सोळा किलोमीटरवर.

पोलीस आणि न्यायालय यांच्यातली ही ओढाताण कुठवर जाऊ शकते, ते गुजरातमधल्या नडियादला दिसलं. तिथल्या मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांची तक्रार साधी होती: पोलीस समन्स आणि वॉरंट बजावत नाहीत. 25 सप्टेंबर 1989 रोजी त्यांनाच ठाण्यात बोलावून जबरदस्तीने दारू पाजली गेली, हातकड्या घातल्या, दोरीने बांधलं, त्या अवस्थेत फोटो काढले. 1991 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या पोलीस निरीक्षकाला अवमानासाठी सहा महिन्यांची कैद दिली. सुरुवात न बजावलेल्या समन्सांपासून झाली होती, हे मला विसरता येत नाही.

महाराष्ट्रात 2006 च्या मे महिन्यात मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि सनदी अधिकारी अशोक खोत यांना सर्वोच्च न्यायालयाने एकेक महिना तुरुंगात पाठवलं. आदेश डावलून लाकूड गिरण्यांना परवानगी दिली होती. माफीनामा आला, पण तो स्वीकारला गेला नाही.

अगदी अलीकडचं उदाहरण पोलिसांचंच. बदलापूरच्या शाळेतल्या लैंगिक अत्याचार प्रकरणातला आरोपी 23 सप्टेंबर 2024 रोजी पोलिसांच्या गाडीत गोळी लागून मेला. एप्रिल 2025 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने या मृत्यूचा तपास विशेष पथकाकडे सोपवायला सांगितला. तपासाची कागदपत्रं तरी पथकाकडे हलेनात. ‘अवमान’ हा शब्द न्यायालयाच्या तोंडून निघाला तेव्हा ती हलली. (पथक कुणी नेमायचं, हे पुढे सर्वोच्च न्यायालयाने बदललं, तो भाग वेगळा.) शिक्षा झाली नाही, नुसता शब्द उच्चारला गेला. शेवटचा आकडा पडावा तसा.

हर्णेच्या माणसाला हा शब्द उच्चारून घ्यायचा, तर जावं कुठे? मनाई हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता दापोलीचं न्यायालय जप्त करू शकतं, त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेतही ठेवू शकतं. अवमान कायद्याखालची शिक्षा मात्र उच्च न्यायालयाच्या हातात. त्यासाठी मुंबई गाठावी लागे. 18 ऑगस्ट 2025 पासून रत्नागिरी जिल्ह्याचं काम कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे गेलं आहे. घाट चढावा लागतो, पण दार दुसरं उघडलं आहे.

तिथे जायला मुदत एक वर्षाची, अवमान घडल्यापासून. 2001 मध्ये पल्लव शेठ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की वर्षाच्या आत याचिका दाखल झाली की पुरे. मग वर्ष मोजायचं कशावरून? इथे सगळी कथा एका गोल शिक्क्यावर येऊन थांबते. हुकमाची प्रमाणित प्रत ठाण्यात द्यायची, आणि आपल्याजवळच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्यायची: आवक क्रमांक, तारीख, सही. शाई फिकट असेल तर पुन्हा उठवून मागायची. आदेश माहीत होता, अमुक दिवशी माहीत होता, हे सांगणारी तेवढीच एक खूण. ती प्रत प्लास्टिकच्या पिशवीत घालावी. कोकणातल्या पावसात शिक्क्याची शाई फार लवकर पसरते.