ध्वनिलेखन : ऐकलेले कागदावर कसे उतरते?

प्रस्तावना

एखाद्या अद्भुत कथेत अशा कारागिरांची पेठ असू शकेल, जे हवेतला आवाज पकडून त्याची चिन्हे घडवतात. असे कारागीर खरोखर आहेत आणि त्यांतले बरेच म्हैसूरमध्ये काम करतात. मानसगंगोत्री परिसरात भारतीय भाषा संस्थान आहे. त्याची स्थापना १७ जुलै १९६९ रोजी झाली. तिथल्या भाषिक सामग्री प्रकल्पात मराठीसह अनेक भारतीय भाषांचे बोलणे ध्वनिमुद्रित करून लिहून काढले जाते. आपल्या मोबाइलला मराठी ऐकू यावे, यासाठी लागणारा कच्चा माल अशाच कामातून तयार होतो. या कामाला ध्वनिलेखन म्हणतात. लिप्यंतर वेगळे. लिप्यंतरात एका लिपीतून दुसऱ्या लिपीत जायचे असते, तर ध्वनिलेखनात सुरुवातीला अक्षर नसतेच, फक्त आवाज असतो.

१. आवाजापासून आकड्यांपर्यंत

मायक्रोफोन हवेच्या दाबातील बदलाचे विद्युत संकेतात रूपांतर करतो. संगणक त्या संकेताचे ठरावीक अंतराने नमुने घेतो. वाक्‌संशोधनात सेकंदाला १६,००० नमुने आणि प्रत्येक नमुन्यास १६ बिट, म्हणजे २ बाइट, हे प्रमाण नेहमी वापरतात.

१ मिनिटाचे ध्वनिमुद्रण = १६,००० × २ × ६० = १९,२०,००० बाइट.

आता तेच मिनिट लिहून काढू. मिनिटाला १२० शब्द आणि शब्दाला सरासरी ५ चिन्हे धरा. युनिकोडच्या यूटीएफ-८ पद्धतीत देवनागरीचे प्रत्येक चिन्ह ३ बाइट घेते आणि मोकळी जागा १ बाइट.

१ मिनिटाचा मजकूर = १२० × (५ × ३ + १) = १,९२० बाइट.

म्हणजे हजारातला एक भाग उरला. बाकीच्या भागात बोलणाऱ्याचा पोत, चढउतार, वय, राग, थकवा हे सगळे होते. काय ठेवायचे आणि काय सोडायचे, हे ठरवणे हीच ध्वनिलेखकाची खरी कारागिरी.

२. अक्षर पुरेसे पडते का?

मराठी जशी बोलतो तशीच लिहितो, असे आपण समजतो. पुढील उदाहरणे मोठ्याने म्हणून पाहा. दंततालव्य उच्चारासाठी, या टिपणापुरते, अक्षराखाली टिंब दिले आहे.

* जग (विश्व) आणि ज़ग (जगणेचे आज्ञार्थी रूप)
* जरा (म्हातारपण) आणि ज़रा (थोडे)
* चार (संख्या) आणि च़ार (गुरांना चारा दे)

लेखनात प्रत्येक जोडी एकच, उच्चारात दोन. उलट, अंक, अंत आणि अंबर या शब्दांत टिंब एकच, पण उच्चार अनुक्रमे ङ्, न् आणि म्. 'करवत' लिहितो, 'कर्वत्' म्हणतो. अशा अडचणींसाठी एका ध्वनीला एकच चिन्ह देणारी आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपी तयार झाली. तिची संघटना १८८६ मध्ये पॅरिसला स्थापन झाली.

३. कान आणि डोळे

ध्वनिलेखक केवळ कानावर विसंबत नाही. 'प्रात' नावाच्या मोफत संगणकप्रणालीत तो ध्वनीचा वर्णपट पाहतो. स्वरांचे गडद आडवे पट्टे दिसतात. 'स' वरच्या वारंवारतेत धुरासारखा पसरतो. 'पाटी' म्हणताना 'ट'च्या आधी क्षणभर शांतता दिसते, कारण जीभ वाट अडवते. इथे नवख्यांची फसगत होते. ही शांतता शब्दाच्या पोटात असते, पण दोन शब्दांच्या मध्ये बहुधा नसते. शब्द तोडतो तो आपला मेंदू.

जुन्या टेलिफोन वाहिनीवर साधारण ३,४०० हर्ट्झच्या वरचा भाग कापला जातो. 'स'ची बरीच ऊर्जा त्याच्या वर असते. म्हणून फोनवर नाव सांगताना 'स, समईचा स' असे सांगावे लागते.

४. दुरुस्ती करायची की नाही?

हा या विषयातला सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे. समजा वक्ता म्हणाला :

मला येळ न्हाई बगा.

आणि ध्वनिलेखकाने लिहिले :

मला वेळ नाही बघा.

अर्थ तोच, हेतूही चांगला. आता यंत्राची परीक्षा घेऊ. शब्दचूक दर असा काढतात :

(बदललेले + गळलेले + घुसलेले शब्द) ÷ प्रमाण प्रतीतील एकूण शब्द

'शुद्ध' केलेली प्रत प्रमाण मानली आणि यंत्राने जे उच्चारले तेच अचूक लिहिले, तर ४ पैकी ३ शब्द बदललेले ठरतात. चूक ७५ टक्के! बरोबर ऐकणारे यंत्र नापास झाले. पुढच्या शिकवणीत ते ही बोली ऐकायचेच सोडून देईल. मग शेतकऱ्याला हवामान विचारताना पुस्तकी मराठी बोलावी लागेल. आमच्या वर्गात हा प्रयोग केला तेव्हा सर्वाधिक दुरुस्त्या, गावाकडून आलेल्या मुलांनीच, स्वतःच्या घरच्या बोलीवर केल्या होत्या.

म्हैसूरमध्येच अखिल भारतीय वाक् श्रवण संस्थान आहे. वाचादोष तपासणाऱ्या तज्ज्ञासमोर मूल 'काका'ऐवजी 'ताका' म्हणाले आणि नोंद 'काका' अशी झाली, तर कागदावरून दोषच नाहीसा होतो. मुलाच्या जिभेवरून होत नाही.

उपाय सोपा आहे. दोन ओळी ठेवा. पहिलीत ऐकले तसे आणि दुसरीत प्रमाण लेखन. खोकला, अडखळणे, न कळलेला भाग यांना ठरलेल्या खुणा द्या. न कळलेले अंदाजाने भरू नका. एकच ध्वनिमुद्रण दोघांनी स्वतंत्रपणे लिहावे आणि मग ताडून पाहावे.

स्वाध्याय

१. घरातील वडीलधाऱ्या व्यक्तीचे, तिच्या परवानगीने, एक मिनिटाचे बोलणे ध्वनिमुद्रित करा आणि दोन ओळींत लिहा.
२. हेच काम मित्राला स्वतंत्रपणे करायला सांगा. तुमची पहिली ओळ प्रमाण मानून त्याचा शब्दचूक दर काढा.
३. जिथे फरक पडला ते शब्द पुन्हा ऐका. तिथे कान चुकला, की हाताने आपणहून 'शुद्ध' केले? प्रत्येक शब्दापुढे हे प्रामाणिकपणे नोंदवा.