सेवेचा पहिला दिवस कोणता?

नोकरीत कधी रुजू झालो, ही तारीख कर्मचाऱ्याला पाठ असते. शासन त्याची सेवा केव्हापासून 'नियमित' धरते, ही तारीख मात्र पुष्कळदा वेगळी निघते. नांदेड-लातूरकडच्या कार्यालयांत वेतनश्रेणीच्या लाभावरून जे वाद होतात, त्यांतले बरेचसे या दोन तारखांमधल्या अंतराचे असतात.

मराठवाड्याला हा प्रश्न जुनाच आहे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद राज्यातले मराठी जिल्हे मुंबई राज्यात आले. त्यांत नांदेड होता. आणि ज्यातून १९८२ साली लातूर जिल्हा वेगळा निघाला, तो उस्मानाबादही होता. एका राज्यात केलेली सेवा दुसऱ्या राज्यात कशी मोजायची, असा पेच तेव्हा पडला. केंद्राच्या पूर्वमान्यतेशिवाय या कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्ती त्यांच्या तोट्याच्या होतील अशा बदलू नयेत, असे बंधन राज्य पुनर्रचना कायद्याच्या कलम ११५ ने घातले.

आजचा वाद समजून घ्यायचा तर आश्वासित प्रगती योजना पाहावी लागते. कारकून पुष्कळ आणि वरची पदे मोजकी, त्यामुळे अनेकांची उमेद एकाच पदावर संपत असे. त्यावर उपाय म्हणून १ ऑक्टोबर १९९४ पासून कालबद्ध पदोन्नती लागू झाली. बारा वर्षे नियमित सेवा होऊनही जागा रिकामी नसेल, तर पद तेच ठेवून वरच्या पदाची वेतनश्रेणी द्यायची, असे तिचे सूत्र होते. २००१ मध्ये तिच्या जागी 'सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना' आली, २०१० च्या शासन निर्णयाने दुसरा लाभ जोडला गेला. २ मार्च २०१९ च्या निर्णयाने १०, २० आणि ३० वर्षांच्या सेवेनंतर असे तीन लाभ ठरले. शिक्षकांची वाट निराळी आहे : १२ वर्षांनी वरिष्ठ आणि २४ वर्षांनी निवड श्रेणी, तीही प्रशिक्षणाच्या अटीसह.

या सर्व हिशेबात 'नियमित' या एका शब्दाला फार वजन आहे. समजा, एक कारकून १ जुलै १९९२ रोजी तात्पुरता लागला आणि १ मार्च १९९९ रोजी नियमित झाला. पहिल्या तारखेपासून मोजले तर त्याची तीस वर्षे जुलै २०२२ मध्ये भरतात. दुसरीपासून मोजले तर मार्च २०२९ मध्ये. तो २०२७ मध्ये निवृत्त होणार असेल, तर तिसरा लाभ त्याला कधीच मिळणार नाही. निवृत्तिवेतन शेवटच्या पगारावर ठरत असल्याने हा तोटा हयातभर आणि पुढे कुटुंबनिवृत्तिवेतनातही सोबत राहतो.

तात्पुरती सेवा धरायची की नाही, याबाबत सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाचा १९९० चा निकाल मार्गदर्शक मानला जातो. तो महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांच्या ज्येष्ठतेबद्दल होता. नियमांप्रमाणे नेमणूक झाली असेल, तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून. नियम डावलून केवळ वेळ भागवण्यासाठी नेमले असेल, तर तो काळ धरता येत नाही. मात्र नेमणुकीच्या प्रक्रियेत उणीव असूनही कर्मचारी नियमित होईपर्यंत अखंड काम करीत राहिला असेल, तर ती सेवा मोजावी. म्हणून नेमणुकीच्या आदेशातली भाषा आणि सेवेतला प्रत्येक खंड महत्त्वाचा ठरतो. ज्येष्ठता आणि वेतनश्रेणीचा लाभ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हेही ध्यानात ठेवावे. यादीतली जागा बदलली की दुसऱ्याचा हक्क हलतो. वेतनश्रेणीच्या लाभाने सहसा तसे होत नाही.

दाद कुठे मागायची? महसूल, पोलीस अशा राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचे औरंगाबाद खंडपीठ आहे. जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक त्याच्या कक्षेत येत नाहीत. त्यांना उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे जावे लागते. न्यायाधिकरणाकडे जाण्याआधी खात्याकडे निवेदन द्यावे लागते. सहा महिन्यांत उत्तर आले नाही, तर पुढच्या एका वर्षात अर्ज करायचा. निवेदनांवर निवेदने देत बसल्याने ही मुदत वाढत नाही. चुकीच्या वेतननिश्चितीचा तोटा दरमहा होत असल्याने उशिरा आलेल्यालाही न्याय मिळू शकतो, पण थकबाकी साधारणपणे अर्जाआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये सांगितले आहे.

वादाचे उलटे टोक म्हणजे वसुली. निवृत्तीच्या तोंडावर सेवापुस्तक तपासले जाते आणि पंधरा वर्षांपूर्वीचा लाभ चुकीचा ठरवून रक्कम परत मागितली जाते. २०१४ च्या रफीक मसीह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशा वसुलीला आवर घातला : वर्ग ३ व ४ चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, तसेच पाच वर्षांहून अधिक काळ जादा वेतन दिले गेलेले, यांच्याकडून वसुली करता येत नाही. मात्र लाभ घेताना 'जादा रक्कम परत करीन' असे हमीपत्र दिले असेल, तर हे संरक्षण दुबळे होऊ शकते.

नांदेड-लातूरहून खंडपीठ शेकडो किलोमीटर दूर आहे. वकिलाची फी, एस.टी.चा प्रवास आणि तारखांमागून तारखा सोसणे चतुर्थश्रेणी कर्मचाऱ्याला परवडत नाही. त्याची खरी लढाई आपल्याच कार्यालयातल्या आस्थापना शाखेत असते. दरवर्षी सेवापुस्तक पाहावे, नेमणुकीचा, खंड क्षमापित केल्याचा आणि नियमित केल्याचा आदेश त्यात नोंदला आहे का ते तपासावे, प्रत्येकाची प्रत घरी ठेवावी. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी पाच मिनिटांत होणारी नोंद तिसाव्या वर्षी मिळवायला न्यायालयाची पायरी चढावी लागते.