लंडनचे वार्तापत्र : नकाशावरची रेघ आणि १४ मिनिटे

पूर्व लंडनमधल्या लेटनस्टोनमध्ये नव्वदच्या दशकात घरांच्या रांगा पाडल्या गेल्या. ती घरे जुनी झाली म्हणून पडली, असे समजू नका. भिंतीला भिंत लागून असलेली तशीच घरे शेजारच्या गल्ल्यांत आजही नांदती आहेत. ही पडली ती नकाशावरच्या एका रेघेमुळे. एम-११ महामार्गाला लंडनच्या आतल्या रस्त्यांशी जोडण्याची योजना सरकारदरबारी कित्येक दशके रेंगाळली. आपल्या घरावरून रस्ता जाणार हे ठाऊक असताना डागडुजी कोण करणार, आणि असे घर विकत कोण घेणार? इथल्या कायद्याने सरकारला सक्तीच्या खरेदीचा अधिकार आहे. परिवहन खात्याने घरे ताब्यात घेतली. काही ओस पडली, काही पाडेपर्यंत स्वस्त भाड्याने कलावंतांना मिळाली. वस्तीची पडझड बुलडोझर येण्याआधीच सुरू झाली होती.

जॉन स्मिथ हे दिग्दर्शक त्या भाडेकरूंपैकी एक. ‘ब्लाइट’ (१९९६) हा याच पाडकामावरचा त्यांचा १४ मिनिटांचा प्रायोगिक लघुपट. त्यात निवेदक नाही, आकडेवारी नाही. आहेत त्या भिंती, दारे, कोसळणाऱ्या विटा. एका उघड्या पडलेल्या भिंतीवर ‘द एक्झॉर्सिस्ट’ या चित्रपटाचे रंगवलेले पोस्टर दिसते. कुणीतरी ते हौसेने आपल्या घरात काढून घेतले होते. रहिवाशांच्या ध्वनिमुद्रित बोलण्याचे तुकडे जोसेलिन पूक यांनी संगीतात गुंफले आहेत. (पुढे दिग्दर्शक कुब्रिक यांच्या ‘आइज वाइड शट’ या चित्रपटाला संगीत देणाऱ्या त्याच या.) वाक्य मध्येच तुटते, एखादा शब्द पुन्हा पुन्हा येतो. कोणता आवाज कोणत्या घरातला, हे कळत नाही. आधी याची रुखरुख लागते. पण घर गेल्यावर आठवण अशीच बेवारस होते, आणि ते स्मिथ यांनी स्वतः एक शब्दही न सांगता दाखवले आहे. मला हा लघुपट कोणत्याही चौकशी अहवालापेक्षा खरा वाटतो.

या रस्त्याला विरोधही कडवा झाला. १९९४च्या अखेरीस त्याच्या वाटेत येणारा क्लेअरमॉन्ट रोड रिकामा करताना आंदोलक छपरांवर आणि झाडांवर ठाण मांडून बसले. पोलिसांना कित्येक दिवस झुंजावे लागले. नव्वदी ओलांडलेल्या डॉली वॉटसन जन्मापासून त्याच रस्त्यावर राहत होत्या. त्यांनाही जावे लागले. १९९९मध्ये जोडरस्ता सुरू झाला.

लंडनला आलात तर आधी ‘ब्लाइट’ पाहा. मग सेंट्रल लाइनने लेटनहून लेटनस्टोनला जाताना खिडकीशी बसा. रुळांना लागून धावणारा रस्ता दिसेल. क्लेअरमॉन्ट रोड तिथे होता.