मोटारींतले पुराणिकबुवा

गयेस, नाशिकास किंवा त्र्यंबकेश्वरास जाऊन आलेल्या आमच्या वाचकांना क्षेत्रोपाध्यायांचा अनुभव असेलच. गाडींतून उतरावें तों उपाध्ये पुढें उभे. आणि मग ह्या शिळेवर अमुक घडलें, त्या कुंडांत अमक्यानें स्नान केलें, अशी कथा त्यांच्या मुखांतून अखंड वाहूं लागते. कथा कधीं लांबते, कधीं दक्षिणेच्या विषयाकडे वळते; परंतु त्यांच्यावांचून आपणांस तेथें केवळ एक दगड व एक डबकें दिसलें असतें, हेंही खरें. गेल्या फेब्रुवारी महिन्यांत अमेरिकेच्या नैर्ऋत्य भागांतील दोन वाळवंटी राष्ट्रीय उद्यानें आम्हीं मोटारीनें पाहिलीं, तेव्हां असलेच एक उपाध्ये आमच्या सोबतीस होते. फरक इतकाच कीं, त्यांना देह नव्हता. त्यांचा निवास चिरंजीवांच्या फोनमध्यें होता.

चिरंजीव लॉस एंजेलिस शहरीं नोकरीस आहेत. ते, सूनबाई, दहा वर्षांचा नातू, सौभाग्यवती व आम्ही अशीं पांच माणसें पांच दिवसांच्या प्रवासास निघालों. सौभाग्यवतींनीं आदल्या रात्रीं दशम्या केल्या, चटणी कुटली. चिरंजीवांनीं पाण्याचे डबे भरले. आणि सूनबाईंनीं ह्या दोन्ही उद्यानांची श्राव्य वर्णनें घरींच फोनवर उतरवून घेतलीं. घरींच घ्यावयाचें कारण असें कीं, ह्या उद्यानांच्या बहुतेक भागांत फोनचें जाळें पोंचत नाहीं. तेथें गेल्यावर मागवूं म्हटल्यास कांहींच मिळत नाहीं.

ह्या योजनेची घडण समजून घेण्याजोगी आहे. पृथ्वीपासून सुमारें २०,००० किलोमीटर उंचीवर फिरणारे उपग्रह आपली वेळ व आपलें स्थान सतत कळवीत असतात. निदान चार उपग्रहांचे संदेश मिळाले म्हणजे फोन स्वतःचें ठिकाण गणितानें काढतो. त्याला फोनच्या जाळ्याची गरज लागत नाहीं. वर्णन तयार करणारांनीं रस्त्यावर ठिकठिकाणीं न दिसणारीं वर्तुळें आंखून ठेवलेलीं असतात. मोटार त्या वर्तुळांत शिरली कीं त्या जागेची हकीकत आपोआप सुरू होते, आणि हकीकत संपली कीं पुढच्या वर्तुळापर्यंत शांतता. आपण थांबलों तर तीही थांबते. ऐकूं आलें नाहीं तर पुन्हां लावतां येतें. बसभर अनोळखी मंडळींबरोबर घाईनें चढावें-उतरावें लागत नाहीं, आणि आमच्यासारख्या गुडघे दुखणाऱ्या माणसांना हवें तेथें बसतां येतें. पहिल्याच तासांत नातू म्हणाला, "आजोबा, हे तर तुमच्या गोष्टींतले पुराणिकबुवा!" तेव्हांपासून त्या आवाजाला बुवा हेंच नांव पडलें.

पहिले दोन दिवस जोशुआ ट्री नांवाच्या उद्यानांत गेले. येथें उंचावरचें मोहावे व सखल भागांतलें कॉलोराडो अशीं दोन वाळवंटें एकमेकांस भिडतात. ज्या झाडावरून उद्यानास नांव पडलें तें आपल्या घायपाताच्या कुळांतलें. खोड उंच, फांद्या वांकड्यातिकड्या, आणि टोंकाला अणकुचीदार पात्यांचे झुबके. जणूं कोणी हात वर करून उभें आहे. बुवांनीं सांगितलें नसतें तर आम्हीं "चमत्कारिक झाड" एवढेंच म्हणून पुढें गेलों असतों. परंतु त्यांनीं त्या झाडाच्या पतंगाची कथा सांगितली. हा लहानसा पतंग एका फुलांतील पराग गोळा करून त्याची गोळी करतो, ती दुसऱ्या फुलाकडे नेतो, तेथें अंडीं घालतो आणि मग पराग त्या फुलास लावतो. अंड्यांतून निघालेल्या अळ्या कांहीं बिया खातात, बाकीच्या झाडाच्या वंशास उरतात. पतंगावांचून झाडाला बीं धरत नाहीं, आणि झाडावांचून पतंगाच्या पिलांना अन्न नाहीं. दोघांचा संसार एकमेकांवर असा अवलंबून!

ह्या उद्यानामागें एका बाईची तपश्चर्या आहे. मिनर्व्हा हॉइट ह्या कॅलिफोर्नियांतील सधन घराण्यांतल्या. पुत्र व पति ह्यांच्या निधनाचें दुःख पदरीं आल्यावर त्यांनीं वाळवंटांतील वनस्पतींच्या रक्षणास स्वतःस वाहून घेतलें. त्या काळीं लोक निवडुंग उपटून बागांसाठीं गाड्या भरून नेत. बाईंनीं न्यूयॉर्क, बॉस्टन व लंडन येथें वाळवंटी वनस्पतींचीं प्रदर्शनें भरविलीं, सरकारदरबारीं खेटे घातले, आणि इ. स. १९३६ मध्यें अध्यक्ष रूझवेल्ट ह्यांनीं हा प्रदेश संरक्षित ठरविला. इ. स. १९९४ मध्यें त्यास राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा मिळाला. ही हकीकत ऐकून सौभाग्यवती बराच वेळ खिडकीबाहेर पाहत होत्या.

तिसऱ्या दिवशीं मोहावे वाळवंट ओलांडून आम्ही डेथ व्हॅली, म्हणजे मृत्यूचें खोरें, येथें पोंचलों. अलास्का व हवाई सोडल्यास अमेरिकेंतील हें सर्वांत मोठें राष्ट्रीय उद्यान. विस्तार सुमारें ३४ लक्ष एकर. त्यांतील बॅडवॉटर नांवाचा तळ समुद्रसपाटीच्या २८२ फूट खालीं, तर समोरच्या पॅनामिंट डोंगराचें टेलिस्कोप शिखर ११ हजार फुटांहून उंच. इ. स. १९१३ च्या १० जुलै रोजीं येथें १३४ अंश फॅरनहाइट, म्हणजे ५६.७ अंश सेल्सिअस, उष्णतेची नोंद झाली. जगांतील हवेच्या उष्णतेचा अधिकृत उच्चांक तोच मानतात. वर्षाचा पाऊस सरासरी दोन इंच. तरीही हा मेघराजा लहरी! इ. स. २०२३ च्या २० ऑगस्टला एका दिवसांतच सुमारें सव्वादोन इंच पाऊस कोसळला, रस्ते वाहून गेले, आणि हजारों वर्षांपूर्वीं आटलेल्या मॅन्ली सरोवराच्या जागीं कांहीं महिने पुन्हां पाणी उभें राहिलें. फेब्रुवारींत मात्र हवा आपल्या पुण्याच्या हिवाळ्यासारखी प्रसन्न होती.

झॅब्रिस्की पॉइंट येथें सोनेरी मातीचे सुरकुतलेले डोंगर पसरले आहेत. तेथें बुवांनीं टाकणखाराचा इतिहास सांगितला. सोनाराच्या मुशीजवळ जो टाकणखार आपण पाहतों, तो ह्या खोऱ्यांत जमिनीवर पसरलेला सांपडला. इ. स. १८८३ पासून पांच वर्षें हार्मनी येथील कारखान्यांतून तो मोहावे गांवच्या रेल्वेपर्यंत १६५ मैल गाड्यांनीं नेत. दोन अजस्र गाडे, मागें पाण्याचें पिंप, आणि पुढें एका रांगेंत जुंपलेलीं अठरा खेंचरें व दोन घोडे! त्या गाड्यांपुढें उभा राहून नातवानें आपल्या उंचीशीं त्यांच्या चाकांची तुलना केली, चाक जिंकलें.

खोऱ्याचें नांव कसें पडलें, तेंही बुवांनीं रंगवून सांगितलें. इ. स. १८४९ मध्यें सोन्याच्या शोधांत निघालेली कांहीं कुटुंबें जवळच्या वाटेच्या मोहानें ह्या खोऱ्यांत अडकलीं. मॅन्ली व रॉजर्स हे दोन तरुण पायीं डोंगर ओलांडून गेले आणि कांहीं आठवड्यांनीं अन्न घेऊन, दिलेलें वचन पाळून, परत आले. मंडळी बाहेर पडतांना कोणीं तरी मागें वळून मृत्यूच्या खोऱ्याचा निरोप घेतला, आणि तेंच नांव राहिलें. जवळच्या वाटेचा हा मोह दुसऱ्याच दिवशीं आम्हांलाही होणार होता, हें तेव्हां कोणास ठाऊक!

चौथ्या दिवशीं आम्ही वाळूच्या टेकड्या पाहून खाणवाल्यांच्या एका ओसाड गांवाकडे निघालों. फोनमध्यें बुवांखेरीज दुसरा एक वाटाड्या असतो, तो नकाशा दाखवून वळणें सांगतो. त्यानें वीस मिनिटें वांचविणारा एक फांटा सुचविला, आणि चिरंजीवांनीं मोटार तिकडे वळविली. डांबर संपलें, खडी लागली. खडी संपली, वाळू लागली. आम्ही गप्पांत होतों. इतक्यांत सौभाग्यवती म्हणाल्या, "अहो, बुवा गप्प कां झाले?"

"दुपारची वेळ आहे, डुलकी लागली असेल," आम्ही म्हणालों.

त्या हंसल्या नाहींत. "सकाळपासून दर चार-पांच मैलांना ते बोलत होते. आतां अर्धा तास झाला, एक शब्द नाहीं. आपण त्यांच्या वाटेवर आहोंत ना?"

चिरंजीवांनीं मोटार थांबविली. सूनबाईंनीं उद्यानाच्या कचेरींत मिळालेला कागदी नकाशा उलगडला. आमचा रस्ता त्यावर तुटक रेषेनें दाखविलेला होता. म्हणजे उंच बांध्याच्या व चारही चाकांना जोर असलेल्या गाड्यांसाठींच. फोनचें जाळें नव्हतें. वळवितांना मागचें चाक वाळूंत रुतलें. चिरंजीव व सूनबाई हातांनीं वाळू उपसूं लागलीं, आम्हीं पायांखालचीं रबरी बिछाइतें चाकाखालीं घातलीं. नातू कांहीं न बोलतां मागें गेला, डबे मोजून आला आणि म्हणाला, "आजोबा, पाण्याचे सहा डबे आहेत." दहा वर्षांच्या मुलास ती मोजणी करावीशी वाटली, ह्याचा अर्थ आम्हां मोठ्यांस चांगलाच समजला. वीस मिनिटांनीं चाक निघालें. वीस मिनिटें वांचविण्यासाठीं निघालों होतों, तीं अशीं फिटलीं! मोटार डांबरावर चढून थोडें अंतर गेली आणि बुवांनीं घसा साफ करून पुन्हां आरंभ केला. सूनबाईंच्या डोळ्यांना पाणी आलें.

हा प्रकार विनोदाचा नव्हे. इ. स. २००९ च्या ऑगस्ट महिन्यांत यंत्राच्या सांगण्यावरून एक माता आपल्या बालकासह ह्याच उद्यानांतील आडमार्गाला लागली. गाडी वाळूंत रुतली. पांच दिवसांनीं रक्षक पोंचले तेव्हां बालक गेलें होतें. त्या मातेनें निष्काळजीपणा केला असें म्हणण्याचें धाडस आम्हांस होत नाहीं; फेब्रुवारीच्या जागीं ऑगस्ट असता तर आमचें काय झालें असतें, एवढेंच मनांत येतें. म्हणून ज्यांचीं मुलें तिकडे आहेत व जे त्यांच्याकडे जाणार आहेत, त्या वाचकांस आमचें आग्रहाचें सांगणें: माणशीं रोज निदान चार लिटर पाणी गाडींत असावें, पेट्रोल मिळेल तेथें भरून घ्यावें, कारण पंप थोडे व दूर आहेत, कागदी नकाशा जवळ ठेवावा, डांबर संपलें कीं थांबून विचार करावा, आणि गाडी बंद पडल्यास ती सोडून चालूं लागूं नये. उन्हाळ्यांत तर ह्या खोऱ्यांत जाऊंच नये हें उत्तम.

शेवटच्या दिवशीं फर्नेस क्रीक येथील माहितीकेंद्रांत आम्हीं सावकाश हिंडलों. तेथें बुवांच्या कथेंत दोन वाक्यांत आटोपलेला एक अध्याय आम्हांस सविस्तर वाचावयास मिळाला. सोनें शोधणारे येण्यापूर्वीं कित्येक शतकें येथें टिंबिशा शोशोनी लोक राहत आले आहेत. हिवाळ्यांत ते खोऱ्यांत राहत, उन्हाळ्यांत पॅनामिंट डोंगरावर जात. मेस्कीट नांवाच्या झाडाच्या शेंगा कुटून ते पीठ करीत. हें झाड आपल्या शमीच्या नात्यांतलें आणि वेड्या बाभळीच्या अगदीं जवळचें. इ. स. १९३३ मध्यें हा प्रदेश संरक्षित ठरला, तेव्हां ते आपल्याच भूमींत परके झाले. इ. स. १९८३ मध्यें सरकारनें त्यांच्या जमातीस मान्यता दिली, आणि इ. स. २००० च्या कायद्यानें सुमारें ७,७०० एकर जमीन त्यांस परत मिळाली. पैकीं तीनशेंहून अधिक एकर येथेंच, फर्नेस क्रीक येथें. त्यांची वस्ती आजही तेथें आहे.

नातू म्हणाला, "आजोबा, जे लोक इथें राहत होते, ते ह्याला मृत्यूचें खोरें कसें म्हणतील?" ते तसें म्हणत नाहींत, हें नांव त्यांस मुळींच आवडत नाहीं, असें आम्हीं त्यास सांगितलें. वाट चुकलेल्यांनीं दिलेलें नांव जगभर झालें; घर करून राहिलेल्यांचें नांव मागें पडलें. उपाध्ये कितीही विद्वान असले तरी ते एक माहात्म्य सांगतात. क्षेत्राचीं माहात्म्यें मात्र अनेक असतात, आणि दुसरें माहात्म्य ऐकावयाचें तर आपणच गाडींतून उतरून चौकशी केली पाहिजे.

संध्याकाळीं बॅडवॉटरच्या पांढऱ्याशुभ्र मिठाच्या मैदानावर आम्ही चालत गेलों. मागें कड्यावर पुष्कळ उंच एक पाटी लावलेली आहे; समुद्राची सपाटी तेथपर्यंत, असें तीवर लिहिलें आहे. पायांखालीं मीठ करकरत होतें, आणि आम्ही थांबलों कीं तोही आवाज नाहींसा होई. पलीकडे पॅनामिंटच्या बर्फावरचा तांबूस प्रकाश विझत चालला होता. मोटारीकडे परतल्यावर नातवानें फोन हातांत घेतला. "आजी, बुवांना लावूं का? इथलें त्यांचें सांगून व्हायचें आहे."

"लाव हो," सौभाग्यवती म्हणाल्या, "पण जरा थांब. अजून थोडें ऐकूं दे."